गिरणीवाल्याच्या टोपीतला तुरा

माझं गाव नेपाळात, पार पश्चिमेच्या टोकाला, बझांग जिल्ह्यात. तुम्ही नाव ऐकलेलं नसणार. डोंबिवलीत आयुष्य गेलं पण बझांग माहीत असलेला माणूस मला अजून भेटलेला नाही, नेपाळ म्हटलं की सगळे विचारतात, मग तुम्हाला पशुपतिनाथ जवळच असेल. काय सांगू तुम्हाला, आमच्या गावावरून पशुपतिनाथापेक्षा दिल्ली जवळ पडते, म्हणून तर आमच्याकडचे सगळे पुरुष दिल्लीला नाहीतर मुंबईला, आणि गावात कोण, तर बायका, म्हातारे आणि बकऱ्या. मी पशुपतिनाथ अजून बघितलेला नाही. शिर्डी मात्र तीनदा झालं. माझं नाव तुलसा, इथं आल्यावर तुळसा झालं, मी पण काही म्हटलं नाही, लोकांनी आपलं नाव तोंडात बसवून घेतलं म्हणजे आपल्याला पण कुठेतरी बसवतील असं वाटलं.

लग्न झालं तेव्हा आमचे हे डोंबिवलीला नोकरीला होते. सुट्टीत गावाला यायचे, डोळ्यांवर काळा चष्मा, आणि सगळ्यांना सांगायचे, माझी सात मजल्यांची बिल्डिंग आहे. माझी म्हणजे काय, वॉचमन होते त्या बिल्डिंगचे, पण ते आम्हाला कुठं माहीत. माझ्या बापानं सात मजले ऐकले आणि मुलगी दिली. मी पण इथं आले ती मालकिणीच्या थाटात आले हो. आल्याच्या दुसऱ्या दिवशी खाली उभी होते, तिसऱ्या मजल्यावरून एक बाई गॅलरीतून सतरंजी झटकत होती, मी खालून माझ्या मोडक्या हिंदीत ओरडले, ए बाई, हमारी बिल्डिंग में कचरा मत गिराओ. ती बाई सतरंजी तशीच हातात धरून माझ्याकडे बघत राहिली. आमचे हे पाण्याच्या पंपामागे जाऊन लपले. ती बाई म्हणजे सुमनताई, त्यांचं स्टेशनजवळ पोळी-भाजी केंद्र आहे, पुढं वीस वर्षं मी त्यांच्याकडे पोळ्या लाटल्या आणि अजून लाटते, आणि वीस वर्षं त्या येणाऱ्या-जाणाऱ्याला माझी ओळख करून देतात, ही आमच्या बिल्डिंगची मालकीण.

माझं मराठी त्यांच्यामुळे. म्हणजे येते हं, बसा ना, इश्श, हे सगळं सुमनताईंचं, आणि बाकीचं जे आहे ते रिक्षा स्टँडवरचं. चुका इतक्या केल्या की त्याचंच एक पुस्तक होईल. पहिल्या संक्रांतीला बिल्डिंगमध्ये हळदीकुंकू होतं, मला पण बोलावलं, सगळ्या म्हणायला लागल्या, नाव घे, नाव घे. मी म्हटलं, तुळसा. त्या हसल्या, म्हणाल्या, अगं तुझं नाही, नवऱ्याचं. आता आमच्याकडे बायको नवऱ्याचं नाव तोंडातून काढत नाही, जीभ झडते म्हणतात. मला वाटलं ह्या बायका माझी परीक्षा बघतायत, मी वाण न घेताच खाली आले आणि ह्यांना म्हटलं, बरं झालं, मी तुमचं नाव सांगितलं नाही. हे म्हणाले, अगं, ते तर माझ्या शर्टावर शिवलेलं आहे. मुलगा झाला त्याचं नाव ठेवलं विमल, आमच्याकडे चांगलं मर्द नाव, शाळेत पहिल्या दिवशी बाई वर्गात विचारतात विमल कुठली, आणि हा रडत रडत मुलींच्या रांगेत उभा. असो. तो विमल आता कतारमध्ये क्रेन चालवतो.

हे गेले ते श्रावणात. दुपारची वेळ होती. मी केंद्रातून डबा घेऊन आले, बघते तर हे गेटजवळच्या खुर्चीत, टोपी डोळ्यांवर ओढलेली, मान छातीवर. झोप म्हणजे ह्यांची अशी, कुठंही लागायची, उभ्या उभ्या लागायची. मी म्हटलं, काय हो, दिवसाढवळ्या, कमिटीच्या माणसानं बघितलं तर. म्हटलं, मी तिकडे तव्यापुढे उभी राहून भाजून निघते आणि तुम्ही इथं महाराजासारखे. म्हटलं, डबा ठेवते, भाजी तुमच्या आवडीची नाही, गवार आहे, आता तोंड वाकडं करू नका. इतकं सगळं बोलले मी. समोरून दोन जण गेले, ते पण म्हणाले, बहादूरला उठव गं, गाडी यायची आहे. मग मी टोपी काढली.

त्यांच्याशी माझं शेवटचं बोलणं ते, आणि ते पण एकटीचंच. लोक विचारायचे, शेवटी काही बोलले का ते, मी म्हणायचे, नाही, पण मी भरपूर बोलले. आणि मला रडूच आलं नाही. स्मशानात नाही, तेरा दिवसांत नाही, विमल कतारहून आला, डोकं भादरलं, माझ्या मांडीवर रडला, तेव्हा पण नाही. मला आतून आपली गवारच आठवत होती.

आमच्यात नवरा गेला की बायकोनं वर्षभर पांढरं नेसायचं, त्याला बरखी म्हणतात. लाल बंद, सणवार बंद, दसऱ्याचा टिका पण घ्यायचा नाही. सुमनताई म्हणाल्या, तुळसा, आता हे कुणी करत नाही गं, फिकट रंग नेस, झालं. मी म्हटलं, ताई, ते माझ्यासाठी इतकी वर्षं दारात बसले, मला एक वर्ष पांढरं जड नाही. तर मी पांढरी साडी नेसून केंद्रात पोळ्या लाटायला लागले. आणि झालं काय, गिऱ्हाइकांना वाटलं हा युनिफॉर्म आहे. एक साहेब सुमनताईंना म्हणाले, वा, आता स्वच्छतेकडे लक्ष द्यायला लागलात, छान वाटतं बघून. पुढच्या आठवड्यात सुमनताईंनी आम्हा चौघींना पांढरे एप्रन आणले. म्हणजे बघा, माझा नवरा गेला आणि अख्ख्या केंद्रानं बरखी पाळली. मी हसले त्या दिवशी, आणि मग हसले म्हणून मला लाज वाटली.

बिल्डिंगमधली खोली तर सोडावीच लागली, नवा वॉचमन यायचा होता, त्याची बायको गरोदर होती. आता मी कुठं जाऊ. तेव्हा बबनराव मध्ये आले. बबनराव म्हणजे केंद्राच्या मागच्या गल्लीतले गिरणीवाले. मूळ नगरकडचे, पारनेरचे, बायको जाऊन बरीच वर्षं झालेली, एक मुलगी, सविता, ती आंबिवलीला दिलेली. केंद्राचे गहू रोज त्यांच्याकडे दळायचे, डबा घेऊन मीच जायची, इतक्या वर्षांत आमचं बोलणं म्हणजे मी ओरडायची, बारीक, आणि ते ओरडायचे, निवू द्या मग मळा. गिरणीच्या आवाजात ह्याच्यापुढे माणूस बोलणार काय. तर त्यांना सुमनताईंकडून कळलं, त्यांनी सविताला फोन केला, आणि तिच्याच चाळीत मला खोली मिळाली, आंबिवली स्टेशनपासून चालत. सविता मला तुळसाकाकी म्हणायची, मी तिची मुलगी सांभाळायची. बबनराव रविवारी लेकीकडे यायचे, तेव्हा ते पिठाशिवाय कसे दिसतात ते मी पहिल्यांदा बघितलं. अंगानं बारीक, सावळे, कानावर केस. मला वाटायचं गोरे आहेत.

आणि आमचं जे काय झालं ना, ते सगळं शुक्रवारी झालं. केंद्राच्या भागात शुक्रवारी सकाळी लाइट जायची, दुरुस्ती असायची. मी डबा घेऊन जायची, गिरणी बंद, रांगेतल्या बायका डबे ठेवून निघून जायच्या, मी कुठं जाणार, केंद्रात पीठ नसेल तर काम नाही, मी तिथंच पोत्यावर बसायची. गिरणी थांबली की जी शांतता होते ना, कान सुन्न होतात. त्या शांततेत आम्ही सुरुवातीला ओरडूनच बोलायचो, सवयीनं. हळूहळू आवाज खाली आला. मी पांढऱ्या साडीत, ते पिठानं पांढरे, भुवया पांढऱ्या, टोपी पांढरी. एकदा ते म्हणाले, तुळसाबाई, बाहेरून कुणी बघितलं तर वाटेल दोघांच्या घरचं माणूस गेलंय. मग म्हणाले, तसं गेलंच आहे म्हणा. भिंतीवर त्यांच्या बायकोचा फोटो होता, त्याच्यावर पण पीठ. दर शुक्रवारी ते धोतराच्या फडक्यानं तो पुसायचे.

एका शुक्रवारी त्यांनी विचारलं, तुमच्या गावाकडं कसली भाकर खातात. मी म्हटलं, कोदो, म्हणजे तुमची नाचणीच. बस, एवढंच. पुढच्या वेळी माझ्या डब्यावर एक पिशवी ठेवलेली, नाचणीचं पीठ, आमच्याकडे जसं जाडसर असतं तसं. म्हणाले, केंद्राचं नाही हे, तुमचं. मी आंबिवलीला गेले, तवा ठेवला, जाड रोटी थापली, आणि तिचा वास आला. काय सांगू तुम्हाला. आईची चूल, गावचा धूर, आणि हे सुट्टीला आले की काळा चष्मा घालूनच जेवायला बसायचे ते. मी तवा तसाच सोडून रडले, इतकी रडले की सविता धावत आली, तिला वाटलं भाजलं. रोटी जळून कोळसा झाली. ती तशीच खाल्ली मी.

सुमनताईंच्या लक्षात सगळं आलेलं. म्हणायच्या, तुळसा, शुक्रवारी दळण एवढं उशिरा का येतं गं, गिरणी हातानं फिरवता का दोघं. मी म्हणायची, ताई, लाइट नव्हती. त्या म्हणायच्या, हो, ती तुझ्या तोंडावर दिसतेय ना.

मग बरखी संपली. पांढरं उतरवलं. आणि गावाहून दिराचा फोन, वहिनी, आता तिथं काय आहे तुमचं, घरी या, आई थकली, शेत आहे, गाय आहे. विमल पण म्हणाला, आई, एकटी कशाला राहतेस, गावाला जा, मी पाठवत जाईन. कुणाचंच चुकीचं नव्हतं हो. मी हो म्हटलं. कल्याणला आमच्या गावचे एकजण वॉचमन आहेत, ते दसऱ्यानंतर पौर्णिमा झाली की जाणार होते, त्यांनी माझं पण तिकीट काढलं. बबनरावांना सांगितलं, तर त्यांनी नुसतं विचारलं, परत? मी म्हटलं, बघू. त्यांनी गिरणी चालू केली. गुरुवार होता, लाइट होती.

आता मला त्यांना सांगायचं होतं. पण बाईमाणसानं कसं सांगायचं, आणि ते पण ह्या वयात, आणि मी त्यांच्यापेक्षा दोन वर्षांनी मोठी. तर मी एक डोकं लढवलं. तुमच्याकडे नवरात्रात घट बसवतात, मातीत धान्य पेरतात, बरोबर? आमच्याकडे पण त्याच दिवशी जव पेरतात, अंधारात ठेवतात, त्याचे पिवळे कोंब येतात, त्याला जमरा म्हणतात. दसऱ्याला घरातलं मोठं माणूस एकेकाला समोर बसवतं, कपाळावर दही-तांदूळ-कुंकवाचा मोठा टिका लावतं, कानामागे जमरा खोवतं आणि आशीर्वाद देतं. जो आपल्या घरचा, त्याला टिका. म्हणजे टिका लावला की तो आपल्या घरचा. मी म्हटलं, माझ्या घरात मोठं कोण, तर मीच. मी श्रीखंडाच्या रिकाम्या डब्यात जव पेरले, ते पण बबनरावांकडूनच मागून घेतलेले, आणि पलंगाखाली अंधारात ठेवले. बोलायचं काहीच नाही, टिका लावायचा, जमरा खोवायचा, ज्याला कळायचं त्याला कळेल. केवढी हुशार मी.

दसऱ्याला गिरणी बंद. बबनरावांनी ती धुऊन पुसून ठेवलेली, पट्ट्याला झेंडूची माळ, जात्याला हळदकुंकू. मी लाल काठाची साडी नेसून गेले, वर्षानंतर लाल. त्यांनी नारळ फोडला, मी म्हटलं, बसा. ते बसले. मी टिका लावला, चांगला रुपयाएवढा. मग जमरा घेतला, आणि तिथं माझं नशीब आडवं आलं, कारण त्यांनी टोपी कानापर्यंत ओढलेली, सणाची नवी कडक टोपी, कान दिसेचना. मी म्हटलं, जाऊ दे, आणि टोपीत खोवला.

त्यांनी हात वर नेऊन तुरा चाचपला. मग म्हणाले, म्हणजे आजपासून नातं. मी म्हटलं, हो, आजपासून. ते म्हणाले, देवीची इच्छा. आणि खाली वाकून माझ्या पाया पडले. आता आमच्याकडे टिका घेतला की मोठ्यांच्या पाया पडतातच, मला वाटलं, बघा, ह्यांना आमची पद्धत पण माहीत आहे. मग आतून एक पुडकं आणून हातात दिलं, त्यात साडी, डाळिंबी रंगाची. अहो, अजून काय पाहिजे. मी आंबिवलीला कशी आले मला माहीत नाही. रिक्षावाल्याला उरलेले सुट्टे पण विचारले नाहीत.

दुसऱ्या दिवशी डबा घेऊन गेले, ते म्हणाले, या ताई. मी म्हटलं, असेल, डोंबिवलीत सगळ्याच ताई. मग म्हणाले, ताई, चहा घ्या. मग म्हणाले, तुम्ही चाललात गावाला, नाहीतर भाऊबीजेला घरीच बोलावलं असतं. आणि माझ्याकडे बघेनात. मी विचार करतेय, हा कसला माणूस, काल साडी दिली आणि आज भाऊबीज. मी तशीच केंद्रात आले आणि सगळ्या पोळ्या करपवल्या. सुमनताई म्हणाल्या, आता लाइट जास्त झाली वाटतं.

गुरुवारी संध्याकाळी सविता माझ्या खोलीत आली, दारातच म्हणाली, आत्या. मी म्हटलं, काकीची आत्या कधी झाले गं मी. ती म्हणाली, बाबांनी सांगितलं, तुम्ही त्यांना भाऊ मानलंत, टोपीत तुरा खोवलात. मी म्हटलं, मग? ती म्हणाली, मग काय, आमच्या गावाकडे दसऱ्याला बहीणच भावाच्या टोपीत घटाचा तुरा खोवते. मी विचारलं, आणि साडी? सविता माझ्याजवळ बसली. म्हणाली, तेच तर मला कळेना. साडी त्यांनी दसऱ्याच्या आधीच घेतलेली, मला कल्याणच्या मार्केटमध्ये दोन तास फिरवलं, हा रंग नको, हे पोत नको, आता मानलेल्या बहिणीसाठी कोणी दोन तास लावतं का. आणि त्या दिवशी घरी आले तर डोळे लाल, म्हटलं काय झालं, तर म्हणाले पीठ गेलं डोळ्यात. काकी, गिरणी बंद होती ना दसऱ्याला.

मग मी तिला आमचा जमरा सांगितला, कानामागे, घरचं माणूस, सगळं. ती आधी ऐकत राहिली, मग तिनं पदर तोंडाला लावला. मला वाटलं रडतेय. हसत होती. हसता हसता रडायला लागली. म्हणाली, मी आईविना मोठी झाले काकी, बाबांनी कधी कुणाकडे बघितलं नाही, आणि बघितलं ती बाई त्यांना राखी बांधून मोकळी झाली. उद्या शुक्रवार आहे, जा तुम्ही.

मी गेले. लाइट गेलेली होती, देवाची कृपा. बबनराव फोटो पुसत होते. म्हणाले, या ताई. मी म्हटलं, बबनराव, मला एक सांगा, मी तुमच्या दारात अक्रोड फोडला का? ते घाबरलेच. म्हणाले, अक्रोड? नाही, नारळ फोडला, तो पण मी. मी म्हटलं, आमच्याकडे भावाचा टिका दिवाळीत असतो. सात रंगांचा असतो, एकाखाली एक. भावाभोवती तेलाची धार धरतात, गळ्यात फुलांची माळ घालतात, आणि उंबऱ्यावर अक्रोड ठेवून दगडानं फोडतात, म्हणजे भावाचं संकट फुटतं. मी ह्यातलं काही केलं? ते म्हणाले, नाही. मी म्हटलं, मग मी तुमची बहीण कशी झाले. ते म्हणाले, मग तो तुरा? मी म्हटलं, तो कानामागे खोवायचा होता, तुमची टोपी आडवी आली. घरच्या माणसाला लावतात तो. मी तुम्हाला घरचं करत होते आणि तुम्ही पाया पडून मोकळे झालात.

त्यांनी टोपी काढली. तुरा अजून तिथंच होता, सुकलेला, त्यांनी काढलाच नव्हता. टोपी माझ्यापुढे धरून म्हणाले, मग जिथं लावायचा तिथं लावा. मी तुरा काढला, त्यांच्या कानामागे पीठ साचलेलं होतं, ते पदरानं पुसलं आणि लावला. ते म्हणाले, तिकीट कधीचं आहे? मी म्हटलं, परवाचं. ते पुढं काहीतरी बोलले, आणि नेमकी लाइट आली, गिरणी धडधडायला लागली, ते काय बोलले ते मला आजपर्यंत ऐकू आलेलं नाही. पण मी मान हलवली. वीस वर्षांची सवय, ते बोलले की मी मान हलवायची.

आता खरं कठीण राहिलं होतं, विमल. मी व्हिडिओ कॉल लावला आणि पाठ केलेलं सगळं विसरले, एकदम म्हटलं, मी येत नाही गावाला, मी गिरणीवाल्याशी लग्न करते. तिकडे शांत. त्याच्या मागे वाळू आणि क्रेन. मला वाटलं नेटवर्क गेलं, मी हलवून बघितला फोन. मग त्यानं विचारलं, आणि बाबांचा फोटो कुठं लावणार? मी म्हटलं, गिरणीत भिंतीवर त्यांच्या बायकोचा आहे, तिच्या शेजारी. दोघांना रोज पुसायचं ते ठरलं आहे. तो म्हणाला, त्या आवाजात बाबांना झोप लागेल का गं? मी म्हटलं, अरे, त्यांना कुठंही लागायची. तेव्हा तो हसला, आणि त्यानं कॅमेरा बाजूला वळवला, मला नुसतं आकाश दिसत राहिलं. मी फोन बंद केला नाही. त्यानंही केला नाही.

कल्याणचे ते एकटेच गेले गावाला आणि दिराला सगळं सांगितलं. दिराचा त्यानंतर फोन नाही. मी लावला तर उचलत नाही. ते घर गेलं माझं, ती नदी, ती वाट, आता मी तिथं कोणत्या तोंडानं जाऊ. हे दुःख आहे, ते नाही असं मी म्हणणार नाही. माणसाला दोन्ही हातांत धरायला मिळत नाही.

लग्न आम्ही ठाण्याला नोंदवलं, कागदपत्रांचा व्याप सांगत नाही, तुम्ही कंटाळाल. साक्षीला सविता, सुमनताई आणि त्यांचा भाऊ. डाळिंबी साडी नेसलेली मी. बाहेर आल्यावर रिक्षात बसायला गेलो तर सुमनताई वाट अडवून उभ्या, म्हणतात, इतक्या वर्षांपूर्वी माझ्या हळदीकुंकवातून न सांगता गेलीस, आता नाव घेतल्याशिवाय सोडत नाही. मी रात्रभर जागून जुळवलेलं होतं. म्हटलं, गहू दळले, जोंधळे दळले, चाळणीत उरला कोंडा, बबनरावांचं नाव घेते, आता वाट सोडा. जीभ काही झडली नाही. उलट तेव्हापासून थांबतच नाही, ते म्हणतात, गिरणी बरी, तिला बटण तरी आहे.

पहिला दसरा आला तेव्हा ते मला ठाण्याच्या टेंभी नाक्याला देवी दाखवायला घेऊन गेले, गर्दीत माझा हात धरला, मी म्हटलं, लोक बघतील, ते म्हणाले, बघू देत, बायको हरवली तर सुमनताईंना काय सांगू. गावाहून त्या दसऱ्याला काही आलं नाही. आमच्याकडे जो लांब आहे त्याला घरची मोठी माणसं टिक्याचे तांदूळ आणि जमरा पुडी बांधून पाठवतात, कुणी येणारं असेल त्याच्या हाती. दरवर्षी सासूबाईंची पुडी यायची. त्या वर्षी नाही आली. मी रुसले नाही, पण दार वाजलं की बघायची.

आणि ह्या वर्षी, परवा, कल्याणचे ते गावाहून आले, गिरणीत आले, खिशातून कागदाची पुडी काढली, म्हणाले, आजीनं दिलीय. दिरानं नाही, सासूबाईंनी. निरोप काय, तर काही नाही. मी उघडली. कुंकवाचे तांदूळ होते, सुकलेले. आणि जमरा. मी आधी एकच बघितला. मग कागद उलगडला तर खाली दुसरा, वेगळा दोरा बांधलेला. दोन तुरे पाठवले म्हातारीनं. ज्याला तिनं बघितलेलं नाही, ज्याचं नाव तिला माहीत नाही, त्याच्या कानामागे लावायला.

बबनरावांना दाखवला तर त्यांनी गिरणी बंद केली. चांगली लाइट होती, रांग होती, तरी बंद केली. म्हणाले, कुणाच्या हातून लावायचा हा? मी म्हटलं, आईनं पाठवलाय, तिच्या वतीनं मी लावते, पण आधी ती टोपी काढा.

तुम्ही काय लिहून घेतलंत ते वाचून दाखवू नका, मला लाज वाटेल. आमच्यात टिका पौर्णिमेपर्यंत चालतो, आणि तुम्ही माझ्यापेक्षा लहान आहात, तर या असे पुढे, थोडे तांदूळ उरलेत सासूबाईंचे. खूप जगा, घरचं माणूस घरी असताना त्याला रागवा. जमरा मात्र संपला, आणि नाही ते बरंच, तुमच्या गावाकडे त्याचा काय अर्थ होतो ते मला कुठं माहीत.